नसलेल्या म्हशीची वैरण

कोणत्या माणसाला किती घर परवडतं हे बिनचूक सांगू शकणारा माणूस उभ्या रायगड जिल्ह्यात एकच आहे, आणि तो माझा थोरला साडू आहे. हे मी कौतुकानं सांगतोय आणि मान खाली घालूनही सांगतोय. या गृहस्थांनी आयुष्यात एकदाही पगार घेतलेला नाही. फ्लॅट नावाच्या वस्तूत ते सलग दोन रात्री झोपलेले नाहीत. व्याजाचा दर हा विषय काढला तर "त्यो बँकेचा आजार हाय, आपल्याला कशाला लावून घ्यायचा?" असं म्हणून ते पानाची चंची काढतात. पोलादपूरच्या वर डोंगरात त्यांची वाडी आहे. तिथे पाच म्हशी, दोन गाई, एक तिरसट बैलजोडी आणि उतारावरची थोडी नाचणी-भाताची शेती एवढा त्यांचा संसार. माझं सासर तुडीलचं. थोरली मुलगी सासऱ्यांनी डोंगरात दिली, धाकटी महाडच्या कॉलेजात शिकली आणि माझ्या वाट्याला आली. मी महाडच्या औद्योगिक वसाहतीत एका केमिकल कंपनीत शिफ्ट सुपरवायझर आहे, म्हणजे साडूच्या भाषेत 'महिन्याला दूध देणारा'.

त्यांची पहिली खोड पावलं मोजण्याची. कोणाच्याही घरी गेले की बसा म्हटल्यावर ते बसत नाहीत. चपला उंबऱ्याबाहेर काढायच्या, दारात दोन्ही पाय जुळवायचे आणि तिथून थेट मागच्या भिंतीपर्यंत, टाचेला अंगठा लावून नव्हे तर चांगलं डोंगरातलं ऐसपैस पाऊल टाकत चालत जायचं. मध्ये सोफा आला तर त्याला वळसा, स्वयंपाकघरात बाई उभी असेल तर "जरा सरका गो वयनी." भिंतीला हात लावून परत यायचं आणि मग टेकायचं. पाणी प्यायच्या आधी घरमालकाला विचारायचं, "कमावता किती?" महाडमध्ये लोक नवीन घर पाहायला गेले की आधी विचारतात, कितवा मजला आणि पुराचं पाणी इथे कुठवर आलं होतं. दिशा, वास्तुशास्त्र, शेजारी हे सगळं नंतर. साडूंना पाण्याचंही काही नाही. त्यांचा प्रश्न एकच. उत्तर ऐकून ते क्षणभर छताकडे बघतात आणि निकाल देतात: "तुमी धा पावलांचे. चौदात ऱ्हाता. चार पावलं कुनाची हायत?" माणसं हसून सोडून देतात. पण रात्री नवरा-बायकोत त्या चार पावलांवरून बोलणं झालं नाही असं एकही घर मला माहीत नाही.

एकदा त्यांच्या पुतणीसाठी स्थळ बघायला आम्ही सगळे महाडला एका घरी गेलो होतो. पोह्यांच्या बश्या हातात आल्या आणि आमचे साडू उठले. मी त्यांचा शर्ट धरायला गेलो, पण ते तोवर तिसऱ्या पावलावर होते. आतल्या खोलीत मुलाची आजी पाय पसरून पडली होती. परका माणूस थेट पलंगाकडे चालत येताना बघून म्हातारी किंचाळली. हे शांतपणे म्हणाले, "आजी, पाय जरा आखडा. दोनच पावलं ऱ्हायलीत." बाहेर येऊन त्यांनी भर बैठकीत सांगितलं, "पोरगा ब्येस हाय. घर मातर पोराच्या मानानं चार पावलं जास्त हाय. पोरगी पोराला द्यायची का घराला, ते ठरवा." मुलाच्या वडिलांचा चेहरा पडला. आम्ही पोहे तसेच टाकून निघालो. तर फाटकापाशी मुलगाच मागून धावत आला आणि साडूंना बाजूला घेऊन म्हणाला, "काका, मी बाबांना वर्षभर हेच सांगतोय. कोणी ऐकत नाही." लग्न तिथेच झालं आणि चांगलं चाललंय.

चौरस फुटावर त्यांचा अजिबात विश्वास नाही. मी फ्लॅट घ्यायचं मनावर घेतलं तेव्हा त्यांना एका बिल्डरच्या ऑफिसात घेऊन गेलो होतो, ही माझी पहिली चूक. तिथला मुलगा नकाशावर बोट फिरवत सुपर बिल्टअप समजावून सांगू लागला. जिना, लिफ्ट, गच्ची यांतला तुमचा वाटा धरून एवढं क्षेत्रफळ होतं, असं तो म्हणाला. साडूंनी मन लावून ऐकलं आणि विचारलं, "मंजे जिना माजा?" तो म्हणाला, "तुमचा वाटा आहे त्यात." "मंग त्यात मी म्हैस बांदू काय?" "बांदता येत नाय, झोपता येत नाय, तर मोजता कशाला?" मुलानं नकाशाची गुंडाळी केली आणि चहा मागवला.

बँकेतही त्यांना नेलं, ही दुसरी चूक. कर्जाचे साहेब तरुण होते, बोलायला गोड. माझ्या शेवटच्या तीन पगारांच्या स्लिपा त्यांनी पाहिल्या, कीबोर्डावर काहीतरी टकटक केलं आणि म्हणाले, "सर, पगाराच्या निम्म्यापर्यंत हप्ता चालेल. तुम्हाला दोन बेडरूमचा आरामात बसतो." माझी छाती फुगली. साडू म्हणाले, "निम्मा पगार घरानं खाल्ला तर घरातली मानसं काय खानार? विटा?" साहेब हसले. मग यांनी सरळ विचारलं, "सायब, तुमचं सोताचं घर किती पावलांचं?" साहेबांनी आजूबाजूला पाहिलं, आवाज खाली आणला आणि म्हणाले, "काका, मी भाड्यानं राहतो. माझ्या पगारात माझंच बसत नाही." साडूंनी त्यांचा हात हातात घेऊन थोपटला. बाहेर पडल्यावर मला म्हणाले, "मानूस खरा हाय. खुर्ची खोटी हाय."

त्याच दिवशी, महाडच्या एस.टी. स्टँडवर पेंडीच्या पोत्यावर बसून त्यांनी माझा हिशेब केला. "पगार सांगा." मी सांगितला. "सगळ्यात वाईट म्हैन्याचा सांगा." आमच्या कंपनीत वर्षाचे सात-आठ महिने ओव्हरटाइम भरपूर मिळतो आणि नेमक्या तशाच महिन्यांच्या स्लिपा मी बँकेत दिल्या होत्या. पण दरवर्षी प्लांट दुरुस्तीला बंद राहतो, तेव्हा हातात येतो तो नुसता मूळ पगार. तो आकडा सांगताना माझा मलाच आवाज बारीक वाटला. साडू म्हणाले, "ह्योच तुमचा पगार. वरचं सगळं हिरवं गवत. पावसात डोंगर हिरवा हाय म्हनून कोन म्हशी वाढवतो काय? मे म्हैन्यात उडवीच्या बुडाला किती पेंढा ऱ्हायला, ते बघून वाढवतो." मग छताकडे बघायची सवय म्हणून त्यांनी स्टँडच्या पत्र्याकडे पाहिलं आणि निकाल दिला, "दोन खोल्या आनि एक पडवी. त्याच्या वर तुमचं नाय."

मला राग आला. माझ्याबरोबर लागलेला, माझ्याएवढाच पगार घेणारा सहकारी मी पसंत केलेल्याच इमारतीत दोन बेडरूमचा घेत होता. त्याला कोणी पावलं मोजून दाखवली नव्हती. माझा चेहरा बघून साडू म्हणाले, "वाईट वाटून घेऊ नका साडूभाऊ. माजा अंदाज चुकीचा बी असंल. आमी करतो तसं करून बघा. रिकाम्या खुंट्याला वैरन घाला."

ही रिकाम्या खुंट्याची पद्धत त्यांच्या गोठ्यात मी डोळ्यांनी पाहिली आहे. नवी म्हैस घ्यायचं मनात आलं की ते बाजारात जात नाहीत. आधी दावणीला एक खुंटा जास्तीचा ठोकतात. दिवाळी झाली, ओलं गवत संपलं, की बाकीच्या जनावरांना वैरण घालताना त्या रिकाम्या खुंट्यासमोरही रोज एक भारा टाकायचा. संध्याकाळी तो उचलून वेगळ्या उडवीवर, म्हणजे पेंढ्याच्या रचलेल्या ढिगावर, ठेवायचा. त्याला कोणी हात लावायचा नाही. पाऊस लागेपर्यंत ती वेगळी उडवी उभी राहिली आणि बाकीच्या म्हशींच्या बरगड्या दिसल्या नाहीत, तरच पुढच्या वर्षी म्हैस आणायची. एका बकरीनं त्या भाऱ्यात तोंड घातलं तेव्हा साडूंनी तिला वाडीभर पळवलं होतं आणि ओरडत होते, "लोकाच्या म्हशीचं खातेस काय गो?" त्यांच्या बायकोनं, म्हणजे माझ्या मेहुणीनं, हे सगळं दोन-तीन वर्षं सोसलं आणि एकदा म्हणाली, "नसलेल्या म्हशीला वैरन घालताय, मंग मला बी नसलेली साडी नेसवा." त्या दिवाळीला तिला दोन साड्या आल्या. पण म्हैस चार वर्षं आली नाही, कारण चारही वर्षं त्या उडवीला मे महिन्यात हात लावावा लागला होता. चौथ्या वर्षी साडूंनी खुंटा उपटला, त्याचं सरपण केलं आणि कोणाला काही वाईट वाटल्याचं दिसलं नाही.

तेव्हा मला करायचं होतं एवढंच. फ्लॅटचा हप्ता जितका बसणार, त्यातून चालू घरभाडं वजा करायचं आणि उरलेली रक्कम वर्षभर, बारा महिने, दर महिन्याला वेगळ्या खात्यात टाकायची. जणू घर घेतलेलंच आहे. बारा महिने जमलं तर घ्या, मी स्वतः नारळ घेऊन येतो, असं साडू म्हणाले. मी हो म्हटलं. पहिले तीन महिने मी इमानदारीत पैसे टाकले. चौथ्या महिन्यात गणपती आले आणि जुना फ्रिज बंद पडला. पाचव्या महिन्यात मुलीची फी. सहाव्या महिन्यात काहीच कारण नव्हतं. जमलं नाही, एवढंच. मग मी ते खातं उघडून बघणंच सोडलं.

साडू दर महिन्याला पेंड न्यायला महाडला उतरायचे. खांद्यावर पोतं, घामानं भिजलेली टोपी, आणि दारातूनच आरोळी, "काय साडूभाऊ, म्हैस खाते काय?" पहिले तीन महिने मी म्हणालो, "खाते, दादा." चौथ्या महिन्यातही मी तेच म्हणालो. जीभ सवयीनं वळली म्हणावी तर तसंही नव्हतं. त्यांच्या त्या 'दोन खोल्या आणि पडवी'ला मला खोटं पाडायचं होतं. पासबुक दाखवा असं ते एकदाही म्हणाले नाहीत. जनावराच्या खाण्याबद्दल माणूस खोटं बोलेल ही शंका त्यांच्या डोक्यात शिरणं शक्य नव्हतं. उलट माझं उत्तर ऐकून ते खुशीत पोतं खाली ठेवायचे, चहा मागायचे आणि बायकोला सांगायचे, "तुजा नवरा माज्यापेक्षा घट हाय गो." बायकोला खरं माहीत होतं. ती चहात साखर ढवळत राहायची. असे नऊ महिने मी नऊ वेळा खोटं बोललो, आणि लाज वाटते ती याची की शेवटी शेवटी मला ते जडही जात नव्हतं.

वर्ष संपलं तेव्हा मी त्यांना सांगितलं की उडवी पूर्ण उभी आहे. ते लगेच उठले. मला घेऊन त्या अर्धवट बांधलेल्या इमारतीत तिसऱ्या मजल्यावर चढले, सिमेंटच्या गोण्या ओलांडत या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालले आणि घरी येऊन माझ्या बायकोसमोर हात जोडून म्हणाले, "मी चुकलो. मी तुमाला दोन खोल्यांचा समजलो. तुमी मोठे निगालात." या माणसानं 'मी चुकलो' म्हटलेलं त्यापूर्वी कोणी ऐकलं नव्हतं. बायको चहा करते म्हणून आत गेली ती बराच वेळ बाहेर आली नाही. मी त्यांचे जोडलेले हात खाली करायला पुढे झालो आणि "अहो दादा, काय हे" असं काहीतरी पुटपुटलो. खरं सांगायला तेव्हा एक मिनिट पुरलं असतं. माझ्याकडे तेवढं एक मिनिट नव्हतं.

वास्तुशांतीला साडू दुधाची किटली घेऊन पहाटेच उतरले. खिरीला त्यांचंच दूध. जेवणं झाली आणि कंपनीचे मॅनेजर, शेजारी, भटजी असे सगळे पानसुपारीला बसले. तेव्हा साडूंनी उभं राहून सगळ्यांना रिकाम्या खुंट्याची गोष्ट सांगितली, बकरीसकट. लोक पोट धरून हसले. मग ते म्हणाले, "हसू नका. मला चार वरसांत जमलं नाय ते ह्या मानसानं पयल्या वरसात केलं." सगळे माझ्याकडे वळले. मॅनेजरनी माझ्या पाठीवर थाप मारली. भटजी म्हणाले, मीही करून पाहतो. मी खिरीच्या वाटीत बघत बसलो होतो. आमच्या त्या मोठ्या घरात तेव्हा तिसऱ्या खोलीत सामान म्हणून छताला पंख्याचा एक हूक होता. पंखा घ्यायला पैसे उरले नव्हते. पुढे दीड वर्ष तो हूकच होता, आणि त्याच्याखाली आमची मुलगी सायकल शिकली.

इथवर झालं ते माझं आणि माझ्या खोटेपणाचं. त्याचा भुर्दंड दुसऱ्या कोणाला पडला नसता तर मी कदाचित हे हसण्यावारी नेलं असतं आणि असल्या गमती सांगणारा म्हणून लग्नकार्यात मिरवलोही असतो. पण साडूंची थोरली मुलगी आणि जावई त्याच सुमारास घर बघत होते. ती एका औषधांच्या कंपनीत पॅकिंगला आणि जावई शिफ्टच्या बसवर ड्रायव्हर. आमच्याच इमारतीत एक बेडरूमचा घ्यावा असं तिच्या मनात होतं. साडूंनी तिला सांगितलं, "काकानं केलं तसं कर." आणि पोरीनं केलं. काकानं केलं नव्हतं तसं केलं. महिन्याच्या महिन्याला, एकदा तर सणाची साडी परत करून, एकदा नवऱ्याचा जुना मोबाइल विकून. अकरा महिने झाले. बाराव्या महिन्यात जावयाची बस तीन आठवडे गॅरेजला पडली, त्याचा पगार कापला गेला आणि तेवढा एक हप्ता बसला नाही. बापाचीच मुलगी ती. तिनं खुंटा उपटला. इमारतीतला फ्लॅट सोडला आणि महाडजवळच्या नाते गावात दोन खोल्यांचं साधं घर घेतलं.

पेढे द्यायला ती आमच्याकडे आली ते मला अजून दिसतं. आमच्या हॉलच्या टाइल्सवर पाय ठेवतानाही ती बिचकत होती. म्हणाली, "काका, आम्हाला अकरा महिनेच जमलं. तुमच्यासारखं नाही जमलं." मी काय म्हणावं? मी म्हणालो, "असू दे गं, हळूहळू होईल." मी तिचं सांत्वन केलं! तीन महिन्यांचा माणूस अकरा महिन्यांच्या माणसाला धीर देत होता, वर पेढा खाऊन. आयुष्यात मी लहानमोठ्या बऱ्याच चुका केल्या आहेत, पण रात्री आठवून कूस बदलायला लावते ती हीच एक.

त्यानंतर तिचं आमच्याकडे येणं कमी झालं. आणि साडू, जे आपल्या मुलीला जिवापाड जपतात, तेही येता-जाता तिला टोचू लागले. "काकाची म्हैस बघ, बारा म्हैने खाल्लं तिनं. तुजी एका म्हैन्यासाठी उपाशी मेली." ते गमतीनं म्हणत, पण एकदा मेहुणीनं माझ्या बायकोला सांगितलं की पोर माहेरी आली की घराचा विषय निघताच उठून गोठ्यात जाते. त्याच दिवसांत कंपनीत दोन लाइनी बंद झाल्या आणि ओव्हरटाइम संपला. त्या बँकेतल्या साहेबांच्या 'आरामात'चा अर्थ आम्हाला कळू लागला. बायकोनं हॉलमध्ये शिकवणी सुरू केली. मी मित्राच्या दुकानात रविवारी बसू लागलो. पण खरं सांगायचं तर हप्त्यानं माझी झोप गेली नव्हती, गोठ्यात उठून जाणाऱ्या त्या पोरीनं गेली होती. बायको एक दिवस शिकवणीच्या वह्या आवरताना माझ्याकडे न बघता म्हणाली, "तुम्ही सांगणार की मी सांगू?"

पुढच्या रविवारी मी मोटारसायकल काढली आणि वाडीवर गेलो. साडू गोठ्यात शेण ओढत होते. मला बघून खूश झाले. "आज हिकडं कसं? बसा, धार काढतो, गरम दूध प्या." मी म्हणालो, "दादा, दूध नको. ती म्हैस… माझी ती म्हैस…" त्यांच्या हातातलं फावडं थांबलं. "काय झालं? मेली?" असं इतक्या काळजीनं विचारलं त्यांनी, की मला हसू आणि रडू एकदमच आलं. मी म्हणालो, "मेली नाही, दादा. चौथ्या महिन्यापासून मी तिला वैरणच घातली नव्हती. तीन महिने घातली. बाकी सगळं मी तुम्हाला खोटं सांगितलं."

ते गव्हाणीच्या कडेवर बसले. शिव्या देतील असं मला वाटलं होतं. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. एका म्हशीनं त्यांच्या खांद्यावरून मान पुढे काढली, ती त्यांनी बाजूला सारली. स्वतःशीच बोलल्यासारखे म्हणाले, "मंजे माजी पोर अकरा म्हैने…" आणि थांबले. मग उठले, बाहेर जाऊन पन्हाळीखालच्या पिंपातल्या पाण्यानं हातपाय धुतले, आत जाऊन धुतलेला सदरा घालून आले आणि म्हणाले, "मला सांगून काय उपेग? चला. नात्याला चला."

वाडी ते पोलादपूर, पोलादपूर ते महाड, महाड ते नाते, एवढी वाट आम्ही माझ्या मोटारसायकलवर कापली. गाडीवर मागे बसल्यावर ते कधी कोणाला धरत नाहीत, हात मांडीवर ठेवून गोठ्यात बसल्यासारखे ताठ बसतात. तसेच बसले होते. मुलगी अंगणात कपडे वाळत घालत होती. बापाला आणि मला एकत्र बघून ती घाबरली, वाडीवर काही बरंवाईट झालं असं तिला वाटलं असावं. साडू म्हणाले, "काय झालं नाय गो. काका काय सांगतो ते ऐक." आणि स्वतः पायरीवर बसून राहिले. मला एकट्याला उभं केलं त्यांनी. मी सांगितलं. सगळं सांगितलं, फ्रिजचं, फीचं, सहाव्या महिन्यात कारणच नव्हतं तेही, आणि तिचा पेढा खाऊन तिला धीर दिला होता तेही.

तिच्या हातात ओला टॉवेल होता. तो पिळायचा ती विसरली होती आणि पाणी तिच्या पायांवर पडत होतं. मला वाटलं ती आता मला काहीतरी बोलेल. पण ती पायरीकडे वळली आणि बापाला म्हणाली, "मग बाबा, आमचं बरोबर होतं?"

साडूंनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. म्हणाले, "तुजंच बरोबर होतं गो. मी उगीच बोललो तुला." मग ती रडली आणि तेही रडले, आणि मी त्या अंगणात दोरीवरच्या कपड्यांच्या मागे उभा राहिलो. थोड्या वेळानं तिनं डोळे पुसले, आत जाऊन चहा टाकला आणि आतूनच मला विचारलं, "काका, तुमची साखर कमीच ना?" त्या घरात मी पाहुणा म्हणून बसायच्या लायकीचा नव्हतो. तिनं मला खुर्ची दिली.

परत जाताना अंधारून आलं होतं. पोलादपूर मागे पडलं आणि वाडीचा चढ लागला तेव्हा मागून पहिल्यांदा आवाज आला, "साडूभाऊ, आता भागतं काय?"

या माणसाच्या 'म्हैस खाते काय?'ला मी दर वेळी छाती काढून उत्तर दिलं होतं. मी म्हणालो, "नाही, दादा. नाही भागत."

त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. पुढे वळण होतं, त्यासाठीही ठेवला असेल. वळण संपल्यावर तो तिथेच होता. "मंग इका ते घर," ते हळूच म्हणाले, "दोन खोल्या बघू. मी येतो संगतीला."